उसातला शेजारी

या स्मरणिकेत आठवणींना तोटा नसेल. सहली, गॅदरिंग, छड्या, मधल्या सुट्टीतल्या चिंचा, हे सगळे कोणी ना कोणी लिहिणारच. म्हणून संपादक मंडळाने ‘तू जरा इतिहासाकडे झुकणारे काही लिही’ असे सांगितले तेव्हा बरे वाटले. वीस-बावीस वर्षे संगणकासमोर बसलेल्या बाईने इतिहास का लिहावा, असे आपल्या इतिहासाच्या सरांना वाटेल. पण सर, यात सनावळ्या थोड्या आहेत आणि लढाया त्याहून थोड्या. प्रवरेच्या खोऱ्यातल्या माणसांना बिबट्या हा प्राणी कसकसा कळत गेला, त्याचा गेल्या शंभरेक वर्षांचा हा इतिहास आहे.

विषय सुचला तो आपल्या ‘दहावी १९९५’च्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर. तिथे ‘शुभ सकाळ’ खालोखाल सर्वांत जास्त काय येत असेल तर गोठ्याच्या सीसीटीव्हीत सापडलेला बिबट्या. पुणे, ठाणे, बंगळूर आणि न्यू जर्सीत बसलेले आपण त्याखाली ‘बापरे’ लिहितो. गावात राहिलेले मात्र वेगळेच लिहितात. ‘मादी आहे. पोट बघा, पिल्लं असणार जवळच.’ किंवा ‘हे वाघरू आपल्या इकडचं नाही, नवीन आहे. बिचकत चाललंय.’ एकच शाळा, विज्ञानाचे तेच पुस्तक, आणि त्या पुस्तकावर माझे गुण या मंडळींपेक्षा जास्तच होते. तरी त्या दहा सेकंदांच्या चित्रफितीत त्यांना जे दिसते ते मला दिसत नाही.

याचे एक तयार उत्तर असते: गावच्या माणसाला निसर्ग उपजतच कळतो. शहरात गेलेल्यांना हे उत्तर फार आवडते. मला ते पटत नाही, आणि न पटण्याचे कारण इतिहासातच आहे. कालव्याखालच्या पट्ट्यात आज जसा बिबट्या आहे तसा आपल्या आजोबांच्या तरुणपणी नव्हता, कारण तेव्हा तिथे आजच्यासारखा ऊसच नव्हता. मग जी गोष्ट आजोबांजवळ नव्हती ती नातवाच्या रक्तात कुठून येणार?

बाहेर असलेल्यांसाठी थोडा भूगोल. प्रवरा रतनगडाच्या कुशीत उगम पावते, भंडारदऱ्याला अडते, अकोले-संगमनेरवरून पूर्वेला जाते आणि नेवासे तालुक्यात प्रवरासंगमाला गोदावरीला मिळते. पश्चिमेला कळसूबाई-हरिश्चंद्रगडाचा डोंगराळ भाग, आपण ज्याला डांगाण म्हणतो तो. तिथे पाऊस धो धो. पूर्वेला जसजसे खाली यावे तसतसा पाऊस आटत जातो आणि पुढे नगर, पाथर्डी, जामखेड म्हणजे पर्जन्यछायेचा कोरडा मुलूख. एकाच जिल्ह्यात ही दोन टोके आहेत आणि दोन्हीकडच्या माणसांची जनावरांशी असलेली ओळखही वेगवेगळी होती.

डांगाणातल्या महादेव कोळी आणि ठाकर वस्त्यांना बिबट्या नवा नाही. तिथे गावाच्या शिवेवर, वाटेवर वाघोबाचा दगड असतो. बोलताना बिबट्यालाही वाघच म्हणतात. आश्विन वद्य द्वादशीला आपण वसुबारस करतो, गाय-वासराची पूजा करतो. त्याच दिवशी डांगाणात वाघबारस असते. हा सण मुख्यतः गुराख्यांचा. रानात चूल मांडून गोडधोड शिजवतात, वाघोबाला नैवेद्य दाखवतात, आणि काही गावांत एका पोराला वाघ करून बाकीचे त्याला शिवेपार पिटाळतात. लहानपणी मला ही गंमत वाटायची. आता दिवस पाहिला की त्यातला हिशेब कळतो. पाऊस सरलेला, गवत माणसाच्या कमरेएवढे वाढलेले, आणि गुरांमागे रानात जाणारी बहुतेक पोरेटोरे. ज्यांची रोज वाघाशी गाठ पडू शकते त्यांनाच वर्षातून एकदा त्याच्याबद्दल मोठ्याने बोलायला लावणारा हा सण आहे. त्याला भोळी समजूत म्हणणे सोपे आहे. मला तो एखाद्या पाठासारखा वाटतो, आणि तो दर वर्षी नव्या पोरांना द्यावाच लागतो, म्हणून तो दर वर्षी येतो.

पूर्वेकडच्या माळाचे जनावर बिबट्या नव्हे, लांडगा. ज्वारी-बाजरीची रिकामी शेते, गवताळ माळ आणि मेंढरे घेऊन फिरणारे धनगर, हा लांडग्याचा प्रदेश. धनगर रात्री मेंढरांभोवती जाळी लावतात तिला वाघर म्हणतात. हा शब्द वाघावरून आला असेल असे वाटते, पण तो संस्कृतातल्या ‘वागुरा’ म्हणजे जाळे या शब्दावरून आलेला आहे. मुद्दा असा, की माळावरच्या मेंढपाळाला लांडग्याची सगळी चाल माहीत होती आणि डांगाणातल्या गुराख्याला बिबट्याची. मधल्या नदीकाठच्या कुणब्याला या दोन्हींची तेवढी गरज नव्हती.

इंग्रज सरकारचा या बाबतीतला विचार सरळ होता. शेतीला आणि माणसाला त्रास देणारे जनावर मारा आणि बक्षीस घ्या. १८७५ ते १९२५ या पन्नास वर्षांत भारतात ८० हजारांहून जास्त वाघ, दीड लाखाहून जास्त बिबटे आणि दोन लाख लांडगे मारले गेले असावेत, असा हिशेब इतिहासकार महेश रंगराजन यांनी मांडला आहे. बक्षिसाची नोंद ठेवणाऱ्या कचेरीला जनावर फक्त मेल्यावर दिसते. ते जिवंत असताना काय करते, ही माहिती त्या वह्यांत असण्याचे कारण नव्हते. ती गुराख्यांच्या डोक्यातच राहिली.

मग आपले खोरे बदलले. शेंडीजवळचे भंडारदरा धरण, म्हणजे विल्सन डॅम, १९२६ साली पूर्ण झाले. ओझरच्या बंधाऱ्यावरून निघालेल्या डाव्या-उजव्या कालव्यांनी पाणी कोरड्या भागात पोचवले. १९५० साली लोणीला विठ्ठलराव विखे पाटलांच्या पुढाकाराने प्रवरेचा सहकारी साखर कारखाना सुरू झाला. पुढे एकामागून एक कारखाने उभे राहिले, विहिरींवर विजेच्या मोटरी बसल्या, उपसा योजना आल्या. आपल्यापैकी कितीतरी जणांची शाळेची फी, बहिणींची लग्ने आणि माझे इंजिनिअरिंग या उसाच्या बिलातून झाले. तेव्हा उसाला नावे ठेवण्याचा अधिकार मला नाही. पण उसाने आणखी काय केले तेही इतिहासात लिहिले पाहिजे.

बिबट्याच्या बाजूने पाहा. बारा ते अठरा महिने उभे राहणारे, डोक्याच्या वर गेलेले, आतून अंधारे आणि गार पीक. पाटाला पाणी. एकदा बांधणी झाली की तोडणीपर्यंत आत कोणी फिरकत नाही. आणि बाहेर पडले की वस्तीवर कुत्री, मांजरे, डुकरे, कोंबड्या, शेळ्या. डोंगरात एका सांबरामागे रात्र घालवण्यापेक्षा हे किती सोपे! बिबट्या काय खातो याला फारसा विधिनिषेध नाही. उंदीर, घुशीपासून वासरापर्यंत त्याला सगळे चालते. त्यामुळे ‘बिबट्या जंगल सोडून मानवी वस्तीत शिरला’ ही वर्तमानपत्रांची ठरलेली ओळ वाचली की मला हसू येते. तो शिरला तेव्हा शिरला. आज जो गोठ्याच्या सीसीटीव्हीत दिसतो त्याचा जन्म उसात झाला असण्याची शक्यता मोठी आहे, कदाचित त्याच्या आईचाही. त्याने जंगल पाहिलेलेच नाही, तर सोडणार काय? आपल्या पुस्तकात पाळीव प्राणी आणि जंगली प्राणी असे दोन रकाने असायचे आणि जोड्या लावायच्या असायच्या. हा गडी कोणत्याच रकान्यात बसत नाही.

नदीकाठच्या शेतकऱ्याला या नव्या शेजाऱ्याबद्दल कोणी काही शिकवलेले नव्हते. त्याच्याकडे वाघबारस नव्हती आणि धनगराची वाघरही नव्हती. सुरुवातीला जे झाले ते भीतीपोटी झाले. दिसला की पिंजरा लावा आणि लांब नेऊन सोडा, ही मागणी होती आणि वनखातेही तेच करत होते. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने मारायला बंदी असल्यामुळे उचलून नेणे हाच मार्ग दिसत होता. आपल्या अकोले-संगमनेर-पारनेरला लागून असलेल्या पुणे जिल्ह्यातल्या जुन्नर भागात २००१पासून हे मोठ्या प्रमाणावर झाले. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नंतर त्या सगळ्या घटनांचा हिशेब मांडला. बिबटे हलवण्याचा हा कार्यक्रम सुरू होण्याआधी जुन्नर भागात माणसांवर वर्षाला सरासरी ४ हल्ले होत होते. तो सुरू झाल्यावर ते सरासरी १७ झाले. जिथे नेऊन सोडले त्या भागांतही हल्ले सुरू झाले.

असे का व्हावे? बिबट्याला आपला भाग असतो. पाणी कुठे, कुत्री कुठे, कोणत्या वस्तीवर रात्री दोनला माणूस उठतो, हे त्याने वर्षानुवर्षांत शिकलेले असते. म्हणजे तोही आपल्यासारखाच परिसर पाठ करून जगतो. त्याला उचलून परक्या मुलखात टाकले की तो गोंधळतो, आणि त्याची मोकळी झालेली जागा दुसरा, बहुधा तरुण आणि अननुभवी बिबट्या घेतो. दोन्हीकडे ओळख मोडते. जुना बिबट्या गावाला ओळखत होता आणि गाव त्याला. नव्याचे तसे काहीच नसते.

बिबट्याला आपली दिशा किती पक्की कळते याचा पुरावा तर आपल्याच जिल्ह्याचा आहे. २००९ साली पारनेर तालुक्यातल्या टाकळी ढोकेश्वरला एक म्हातारा नर विहिरीत पडला. त्याला वर काढून, गळ्यात जीपीएस पट्टा बांधून माळशेज घाटात सोडले. तिथून तो महिन्याभरात सुमारे १२० किलोमीटर चालत थेट मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाकडे गेला. वाटेत महामार्ग ओलांडला, कसाऱ्याचा लोहमार्ग ओलांडला, खाडी पोहून गेला, आणि एवढ्या दाट वस्तीतून जाताना माणसाच्या वाटेला गेला नाही. त्याचे नाव संशोधकांनी ‘आजोबा’ ठेवले होते. २०११च्या अखेरीस एका वाहनाच्या धडकेने तो मेला. २०१४ साली त्याच्यावर त्याच नावाचा मराठी चित्रपट आला. माझ्यासारख्यांना या गोष्टीत जीपीएसचे कौतुक. आमच्या ग्रुपवरच्या पारनेरकराला विचारले तर तो म्हणाला, ‘त्याला घरी जायचं होतं, एवढं कळायला पट्टा कशाला लागतो?’ पण पट्टा लागतो. कारण पट्ट्याशिवाय हे पारनेरच्या बाहेर कोणी मानले नसते.

याच काळात अकोले परिसरात विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शेतांच्या बांधांवर, पाटांवर, वाटांवर आपोआप फोटो काढणारे कॅमेरे लावले. बिबट्याच्या अंगावरच्या ठिपक्यांची रचना बोटाच्या ठशासारखी प्रत्येकाची वेगळी असते, त्यावरून एकेक प्राणी ओळखता येतो. २०१३ साली निष्कर्ष छापून आले. दर चौरस किलोमीटरला तीनशेहून अधिक माणसे राहत असलेल्या या शेतीच्या भागात दर १०० चौरस किलोमीटरमागे सुमारे पाच प्रौढ बिबटे होते, आणि तितकीच तरसे. शिवाय कोल्हे, खोकड, रानमांजर, जवादी मांजर आणि वाघाटी, जी मांजरकुळातली सर्वांत लहान. हे सगळे कोणत्याही अभयारण्याबाहेर, ऊस, टोमॅटो आणि घासाच्या शेतांत. विष्ठेवरून खाद्याचाही अभ्यास झाला. बिबट्याच्या खाण्यात वजनाच्या हिशेबाने सर्वांत मोठा वाटा कुत्र्यांचा निघाला, ३९ टक्के. शेळ्या त्या भागात कुत्र्यांच्या सातपट होत्या, तरी त्यांचा वाटा ११ टक्केच होता.

हा शेवटचा आकडा मला फार आवडतो, कारण त्यात माणसांचे शहाणपण मोजले गेले आहे. शेळ्या सातपट असून बिबट्याच्या तोंडी का लागत नाहीत? कारण त्या रात्री बंद असतात आणि दिवसा त्यांच्यामागे माणूस असतो. कुत्री मोकळी असतात. शेतकऱ्याने शेळी बंद करायला कोणा शास्त्रज्ञाची वाट पाहिली नव्हती. दोन-चार शेळ्या गेल्यावर पाचवीला त्याने कुडाऐवजी जाळीचे दार केले. नुकसान, मग बारकाईने पाहणे, मग सवय बदलणे. ओळख अशीच झालेली आहे, आणि ती फुकट झालेली नाही.

या लेखासाठी मी आपल्या वर्गातल्या चार-पाच जणांशी दिवाळीत बसून बोलले. (नावे छापायची नाहीत अशी अट त्यांनी घातली. एकाच्या मते नाव छापले की पाहुणे बिबट्या दाखव म्हणून मागे लागतात.) त्यांना काय काय माहीत आहे याची मी यादी करायला गेले आणि लक्षात आले की यादी होतच नाही. प्रत्येक गोष्ट ‘कुठे’ आणि ‘कधी’ला बांधलेली आहे. तरसाच्या ठशात नखे उमटतात, बिबट्याच्या उमटत नाहीत, हे कोणत्याही पुस्तकात आहे. पण ‘आमच्या विहिरीकडच्या बांधावर सकाळी ठसा दिसला आणि त्यावर दव पडलेलं असेल तर तो मध्यरात्रीच गेला, मग दूध घालायला जायला हरकत नाही,’ हे पुस्तकात कुठे असणार? कुत्रे भुंकते तेव्हा माणूस असतो. भुंकता भुंकता एकदम गप्प होऊन घरात घुसते तेव्हा तो असतो. टिटवी ओरडली तर कोणत्या वाफ्यातून ओरडली ते ऐकायचे.

पुरुषांचे हे ज्ञान बरेचसे रात्रीचे आहे, आणि त्याचे कारण वीज. शेतीपंपाला थ्री-फेज लाईट आठवड्यात काही दिवस दिवसा आणि काही दिवस रात्री असते. रात्रपाळी आली की बारा-एकला उठून दारे धरायला जावेच लागते. हातात बॅटरी, घुंगरू बांधलेली काठी, खिशात मोबाईलवर मोठ्याने लावलेली गाणी. आमचा एक मित्र कीर्तन लावतो. म्हणाला, ‘गाणं संपलं की मधी शांत होतं. कीर्तन तासभर चालतं.’ दारे बदलायला वाकायच्या आधी चारी बाजूंना उजेड फिरवायचा, कारण उभा माणूस बिबट्याला माणूस दिसतो, वाकलेला किंवा बसलेला काहीतरी लहान जनावर दिसतो. दिवसा लाईट द्या, ही मागणी शेतकरी वर्षानुवर्षे करत आहेत. माझ्या मते बिबट्यावरचा तो सर्वांत स्वस्त उपाय आहे, पण तो वनखात्याच्या हातात नाही.

बायकांचे ज्ञान वेगळे आहे आणि त्याबद्दल फारसे कोणी विचारत नाही. घास कापणारी बाई सबंध वेळ वाकलेली असते. माझ्या एका मैत्रिणीने सांगितले, की ती आणि तिची जाऊ एकमेकींकडे पाठ करून घास कापतात, म्हणजे दोन्ही बाजू दिसतात, आणि बोलत राहतात. सासूबाई म्हणत, ‘कामात किती बडबडता!’ ती बडबड उपयोगाची होती हे सासूबाईंनाही पुढे पटले. तिन्हीसांजेला मुले अंगणाच्या उसाकडच्या बाजूला खेळणार नाहीत, शौचालयाकडे जाणारी वाट झाडून मोकळी असेल, हे त्यांनी ठरवलेले आहे. कोणी लेखी नियम केलेले नाहीत.

एका पिढीत ओळख किती पुढे जाते ते पिल्लांच्या बाबतीत दिसते. बिबट्याची मादी उसात विते. तोडणी सुरू झाली की नोव्हेंबर ते मार्चच्या दरम्यान फडात पिल्ले सापडतात. पूर्वी ती उचलून कचेरीत नेत. मांजराएवढी, गोजिरवाणी, फोटो काढायला गर्दी. मग रात्री मादी त्या शिवारात हिंडायची, गुरगुरायची आणि आठ-दहा दिवस कोणाला झोप नसायची. हळूहळू लोकांच्या आणि वनखात्याच्या ध्यानात आले, की पिल्ले सापडली त्याच जागी संध्याकाळी क्रेटमध्ये ठेवून सगळ्यांनी बाजूला व्हावे, मादी येऊन ती घेऊन जाते. जुन्नरजवळच्या माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्रातली मंडळी आणि वनरक्षक आता हे सरसकट करतात. फड मालक एक दिवस तोडणी थांबवतो. ज्याला कारखान्याचे तोडणी-वाहतुकीचे गणित ठाऊक आहे त्यालाच एक दिवस थांबण्याची किंमत कळेल.

मोजण्याचा आणि पाहण्याचा संबंध आपल्या जिल्ह्याला अनोळखी नाही. नगर तालुक्यातले हिवरे बाजार १९८९नंतर पोपटराव पवारांच्या सरपंचपदाच्या काळात कसे बदलले ते सगळ्यांना माहीत आहे. तिथे दर वर्षी पाऊस मोजतात आणि ग्रामसभेत पाण्याचा ताळेबंद मांडून पिके ठरवतात. ऊस नको हेही त्या गावाने पाण्याचा हिशेब पाहूनच ठरवले. आपल्या बागायती पट्ट्यात असा निर्णय कोणी घेणार नाही आणि मी तो सुचवतही नाही. पण माझ्या कामात एक गोष्ट रोज दिसते: नोंदी कितीही असल्या तरी त्या वाचून कोणीतरी काहीतरी ठरवले नाही, तर त्या नुसत्या जागा अडवतात. अलीकडे जुन्नर भागात कृत्रिम बुद्धिमत्तेचे कॅमेरे आणि भोंगे बसवले जात आहेत. बिबट्या दिसला की भोंगा वाजतो. चांगलेच आहे. कॅमेरा ‘आला’ एवढे सांगेल. आल्यावर शेळीचे दार लावायचे की पोराला आत घ्यायचे की नुसते उभे राहून बोलत राहायचे, हे ज्याला आधीच माहीत आहे त्यालाच भोंग्याचा उपयोग. ज्याला माहीत नाही तो मोबाईल घेऊन बाहेर पळेल, आणि तसे होतेच.

इथपर्यंत वाचून कोणाला वाटेल की सगळे छान चालले आहे. तसे नाही. अकोल्यातला तो अभ्यास झाला तेव्हा तिथे माणसांवरचे हल्ले क्वचित होत. गेल्या दोन-तीन वर्षांत जुन्नर, शिरूर आणि आपल्या जिल्ह्यातूनही लहान मुलांवरच्या हल्ल्यांच्या बातम्या येत आहेत. २०२५ साली शिरूर तालुक्यात माणसे गळ्यात खिळ्यांचे पट्टे घालून शेतात जाताना आपण बातम्यांत पाहिली. पूर्वी असा पट्टा कुत्र्याच्या गळ्यात असे. ज्या घरातले मूल गेले त्या घराला सहजीवनाचे व्याख्यान देण्याची माझी हिंमत नाही, आणि पुण्यातल्या दहाव्या मजल्यावरून ते कोणी देऊही नये. अशा ठिकाणी पिंजरा लावा म्हणणाऱ्यांचा राग खरा आहे. माझे म्हणणे एवढेच, की पिंजऱ्यात कोणता बिबट्या सापडला हे पाहणेही त्या रागाइतकेच गरजेचे आहे, नाहीतर जुन्नरची ती चारावरून सतरावर गेलेली सरासरी आपण पुन्हा नव्याने शिकू.

आणि ही गोष्ट आता पुढे सरकते आहे. निळवंड्याच्या डाव्या कालव्यात २०२३ साली पाणी सुटले. संगमनेर, राहाता, कोपरगावच्या ज्या कोरड्या गावांनी या पाण्याची अर्धशतक वाट पाहिली, तिथे आता घास, मका आणि ऊस उभा राहतो आहे. पाण्यामागून ऊस, उसामागून बिबट्या, हा क्रम आपल्या पट्ट्याने पाहिलेला आहे. त्या गावांतल्या माणसांना माळ कळतो, लांडगा कळतो. उसातला शेजारी त्यांना नवा आहे. आपल्या बॅचचे दोन जण त्या बाजूच्या जिल्हा परिषद शाळांत शिक्षक आहेत. त्यातल्या एकाने यंदा चौथीच्या मुलांकडून गावाचा नकाशा काढून घेतला: ऊस कुठे, विहीर कुठे, कुत्री कुठे झोपतात, शाळेच्या वाटेवर कुठे दोन्ही बाजूंना ऊस आहे. तो म्हणाला, ‘मुलांना कुत्र्यांची झोपायची जागा सगळ्यात अचूक माहीत असते.’ शाळेच्या वाटेवर जिथे दोन्हीकडे ऊस होता, तिथे मालकाशी बोलून दोन्ही बाजूंचे चार-चार फूट मोकळे करून घेतले आहेत.

सगळ्यांत अवघड प्रश्न मात्र नकाशाच्या बाहेरच्या माणसांचा आहे. आपला ऊस आपण तोडत नाही. दसरा-दिवाळीच्या सुमारास बीडहून आणि आपल्याच जिल्ह्यातल्या पाथर्डी, जामखेड, शेवगावकडून टोळ्या येतात. नवरा-बायकोचा मिळून एक कोयता. मुकादमाकडून उचल घेतलेली, पोरे बरोबर. फडाच्या कडेला पाचटाची किंवा ताडपत्रीची कोपी. पहाटे अंधारात तोडणी सुरू, लहान मूल झोळीत किंवा बांधावर. ज्या माणसांना हा बिबट्या वर्षानुवर्षे ठाऊक आहे ती सिमेंटच्या भिंतीआड झोपतात, आणि ज्यांच्या गावात तो कधी नव्हता ती उसाला टेकून. वाकून काम करणारी माणसेही तीच, आणि बिबट्याचे लपण्याचे रान रोज थोडे थोडे कापून त्याला हलवणारीही तीच.

आपल्या वर्गातला एक मित्र, ज्याचा तीन एकर ऊस आहे, तो टोळी आली की पहिल्या संध्याकाळी मुकादमाला घेऊन सगळा फड फिरतो. विहीर दाखवतो, मागच्या सालात मादी कुठे बसायची ते दाखवतो, कोप्या वस्तीजवळ मोकळ्यात घालायला सांगतो आणि घरातून वायर ओढून प्रत्येक कोपीवर बल्ब देतो. यंदाही तो असाच फिरत होता. त्या टोळीत एक बाई होती, पाथर्डीकडची, सहावा सीझन या भागात. मित्र जागा दाखवायला लागला तशी ती म्हणाली, ‘मालक, इथं नको. मागच्या टायमाला इथूनच कुत्रं नेलं होतं. पलीकडं खळ्यापाशी टाकतो आम्ही, आन् पोरं मधी.’ मग तिनेच बाकीच्या बायकांना नेऊन खळे दाखवले, आणि वायर तिथपर्यंत पुरत नव्हती म्हणून मित्राला दुसऱ्या दिवशी संगमनेरहून तीस मीटर आणखी आणावी लागली.